अंदाजाने वाचता येते का?

वाचन हा अंदाज बांधण्याचा खेळ आहे, असे प्रतिपादन केनेथ गुडमन या अमेरिकी शिक्षणतज्ज्ञाने १९६७ साली केले. त्या वेळी ते डेट्रॉइटच्या वेन स्टेट विद्यापीठात अध्यापन करीत होते. निबंध जेमतेम दहा पानांचा होता. पण पुढची चाळीस-पन्नास वर्षे इंग्रजी भाषिक देशांतल्या लाखो मुलांना वाचायला कसे शिकवावे, हे ठरवण्यात या दहा पानांचा मोठा वाटा होता. २०२२ साली अमेरिकेत एमिली हॅनफर्ड या पत्रकार महिलेने या विषयावर ध्वनिमुद्रित कार्यक्रमांची एक मालिका केली आणि तेथे मोठी खळबळ उडाली. २०२३ मध्ये न्यूयॉर्क शहराने प्राथमिक शाळांतील वाचनाचे अभ्यासक्रम बदलण्याचा निर्णय घेतला. आपल्याकडेही जुलै २०२१ मध्ये सुरू झालेल्या 'निपुण भारत' अभियानामुळे पहिली ते तिसरीच्या वाचनाची चर्चा शिक्षकांच्या प्रत्येक प्रशिक्षणात होते. "मूल अडले की चित्राकडे पाहून अंदाज करू द्या, लगेच अक्षर सांगू नका," हा सल्ला अनेक शिक्षकांनी अशा प्रशिक्षणांत ऐकला असेल. या सल्ल्याचे मूळ गुडमन यांच्या निबंधात आहे. तेव्हा तो निबंध वैज्ञानिक दावा म्हणून कितपत टिकतो, हे तपासून पाहण्यासारखे आहे.

गुडमन यांचे म्हणणे थोडक्यात असे. सराईत वाचक प्रत्येक अक्षर पाहत नाही. तो पानावरून मोजके संकेत उचलतो, पुढे काय असेल याचा अंदाज बांधतो आणि तो अंदाज अर्थाशी जुळतो का ते पाहत पुढे जातो. संकेत तीन प्रकारचे : अक्षरांचे, वाक्यरचनेचे आणि अर्थाचे. वाचक जितका तरबेज, तितकी त्याला अक्षरांची गरज कमी. यातून दोन निष्कर्ष निघाले. एक, अक्षर-उच्चारांचे संबंध पद्धतशीरपणे शिकवण्यावर वेळ घालवू नये. ते वाचता वाचता येतील. दोन, वाचताना झालेली चूक अर्थ बिघडवत नसेल, तर ती चूक मानू नये. समजा, पुस्तकात 'पाखरू' लिहिले आहे आणि मुलाने चित्र पाहून 'पक्षी' म्हटले. गुडमन यांच्या मते हे मूल चांगले वाचते आहे.

हा विचार लोकांना आवडला यात नवल नाही. सुट्या अक्षरांची घोकंपट्टी कोणाला आवडते? मुलाला अर्थाचा शोध घेणारा विचारी जीव मानणारी ही भूमिका होती. मुलांच्या हाती खऱ्या गोष्टींची पुस्तके द्या, त्यांच्याशी गोष्टीबद्दल बोला, चुकीबद्दल अपमान करू नका, हेही त्यात होते. या सगळ्याशी माझे कसलेच भांडण नाही. पण एखादी भूमिका माणुसकीची असली म्हणून तिच्यातले प्रत्येक विधान खरे ठरत नाही.

दाव्याला आधार होता तो गुडमन यांच्याच १९६५ सालच्या एका प्रयोगाचा. पहिली ते तिसरीच्या सुमारे शंभर मुलांना त्यांनी आधी सुट्या शब्दांची यादी वाचायला दिली. नंतर तेच शब्द असलेली गोष्ट वाचायला दिली. यादीत जे शब्द मुलांना आले नाहीत, त्यांपैकी किती गोष्टीत बरोबर वाचले गेले ते मोजले. पहिलीतल्या मुलांनी जवळजवळ दोन तृतीयांश, दुसरीतल्यांनी तीन चतुर्थांश आणि तिसरीतल्यांनी चार पंचमांशाहून अधिक शब्द गोष्टीत बरोबर वाचले. निष्कर्ष : संदर्भ मिळाला की मूल वाचते, वय वाढते तसा संदर्भाचा वापरही वाढतो.

नववी-दहावीच्या विद्यार्थ्यांनी येथे क्षणभर थांबावे आणि या प्रयोगात काय खटकते ते शोधावे.

पहिली गोष्ट, यादी नेहमी आधी आणि गोष्ट नेहमी नंतर. म्हणजे गोष्टीपर्यंत येताना मुलाने तो शब्द एकदा पाहिलेला असे. सर्व रोग्यांना पहिल्या दिवशी विश्रांती आणि दुसऱ्या दिवशी औषध दिले, आणि दुसऱ्या दिवशी बरे वाटलेल्यांची संख्या मोजून औषधाची थोरवी गायली, तर आपण ती मान्य करू का? दुसरी गोष्ट अधिक सूक्ष्म आहे. यादीत चुकलेले आणि गोष्टीत बरोबर आलेले शब्द मोजले. पण यादीत बरोबर आणि गोष्टीत चुकलेले शब्द मोजलेच नाहीत. कोणतेही मूल काही शब्द कधी बरोबर वाचते, कधी चुकते. केवळ चुकलेलेच शब्द निवडून पुन्हा तपासले, तर त्यांतले काही आपोआपच बरोबर येणार. पारडे एकाच बाजूने तोलण्याचा हा प्रकार आहे.

न्यूझीलंडचे टॉम निकोल्सन यांनी हे दोन्ही दोष दूर करून प्रयोग पुन्हा केला. काही मुलांना आधी यादी, काहींना आधी गोष्ट. त्यांचा प्रसिद्ध लेख १९९१ सालचा आहे. त्यात लहान आणि कच्च्या वाचकांना संदर्भाचा फायदा होताना दिसला. चांगल्या वाचकांचा फायदा मात्र एकंदरीत नाहीसा झाला. म्हणजे मूळ निष्कर्ष उलटाच झाला म्हणायला हवे. अंदाज ही सराईत वाचकाची खूण नाही, कच्च्या वाचकाची आहे.

त्याआधीचे दुसरे एक काम मला वैज्ञानिक वृत्तीचा नमुना म्हणून आवडते. कीथ स्टॅनोविच आणि रिचर्ड वेस्ट हे दोघे १९७०च्या दशकात मिशिगन विद्यापीठात शिकत होते. चांगले वाचक संदर्भाचा अधिक वापर करतात, या मताचा पाठपुरावा करण्यासाठीच त्यांनी प्रयोग आखले होते. शब्द ओळखायला लागणारा वेळ त्यांनी मोजला. संदर्भ असताना कच्च्या वाचकाचा वेळ बराच कमी होई. चांगल्या वाचकाला शब्द इतक्या झटकन ओळखू येई, की संदर्भाला काम करायला फारसा अवधीच उरत नसे. आपल्या अपेक्षेच्या विरुद्ध आलेली ही आकडेवारी त्यांनी दडपली नाही. उलट १९८० साली स्टॅनोविच यांनी तिच्यावरून नवी उपपत्ती मांडली : शब्द ओळखण्याची शक्ती कमी पडली की ती भरून काढण्यासाठी वाचक संदर्भाकडे धावतो. लंगडणाऱ्याच्या हातात काठी असते. म्हणून काठी चालवायला शिकवले की चालणे सुधारते, असे नाही.

दरम्यान डोळ्यांच्या हालचाली मोजण्याची उपकरणे सुधारली होती. वाचताना डोळा ओळीवरून सरकत जात नाही, उड्या मारत जातो आणि प्रत्येक ठिकाणी सुमारे पाव सेकंद थांबतो. मकॉन्की आणि रेनर यांनी १९७५ मध्ये एक चतुर युक्ती केली. पडद्यावर वाचकाची नजर जेथे असेल तेथली काही अक्षरे खरी दाखवायची आणि बाकीची बिघडवून ठेवायची. नजर पुढे गेली की खरी अक्षरांची ही खिडकीही पुढे जाते. अशा प्रयोगांतून दिसले की इंग्रजी वाचकाला नजरेच्या उजवीकडची सुमारे पंधरा अक्षरे लागतात. खिडकी त्याहून लहान केली की वाचन मंदावते. शिवाय, अर्थवाही शब्दांपैकी बहुतेकांवर वाचक थांबतो. लहान आणि सहज ओळखू येणारे शब्द तो काही वेळा ओलांडतो हे खरे. पण मोजके संकेत उचलून बाकी अंदाजावर सोडणारा वाचक या यंत्रांना कोठे आढळला नाही. सराईत वाचक अक्षरे पाहतो, जवळजवळ सगळी पाहतो. फक्त इतक्या वेगाने, की पाहिल्याचे त्यालाच जाणवत नाही. आपल्याला जाणवत नाही म्हणून ते घडत नाही, असे गुडमन यांनी गृहीत धरले होते.

आणि अंदाज करायचाच म्हटला, तर तो किती वेळा बरोबर येईल? फिलिप गफ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८१ मध्ये हेच तपासले. आधीचा मजकूर देऊन पुढचा शब्द ओळखायला सांगितले, तर सुशिक्षित प्रौढांनाही चारांतला एखादाच शब्द बरोबर सांगता येतो. त्यातही 'आणि', 'पण' यांसारखे शब्द अधिक सापडतात. वाक्यातली नवी माहिती ज्या शब्दांत असते, ते दहांतून एकदा. हे तसे उघड आहे. पुढचा शब्द आधीच कळत असता, तर लेखकाने तो लिहिण्याचे कष्ट का घेतले असते?

मग अंदाजाची पद्धत इतकी वर्षे टिकली कशी? मला वाटते, ती वर्गात यशस्वी होताना *दिसते* म्हणून. पहिलीच्या मुलासाठीच्या पुस्तकात एका पानावर एकच वाक्य, तेही मागच्या पानासारखेच, फक्त एक शब्द बदललेला. आणि त्या शब्दाचे चित्र शेजारी. पुस्तकाची रचनाच अशी की अंदाज चुकू नये. मूल पान उलटते, बोट फिरवते, बरोबर बोलते. पालक खूश, शिक्षक खूश, मूलही खूश. चित्रे कमी होईपर्यंत आणि शब्द अनोळखी होईपर्यंत, म्हणजे तिसरी-चौथीपर्यंत, पितळ उघडे पडत नाही. तोपर्यंत दोन-तीन वर्षे गेलेली असतात, आणि दोष मुलाच्या बुद्धीला किंवा घरच्या परिस्थितीला दिला जातो. पाठ्यपुस्तकातला धडा पुस्तक उलटे धरूनही घडाघडा 'वाचणारी' मुले आपल्याकडच्या शिक्षकांना नवीन नाहीत.

अंदाजामुळे होणारे नुकसान केवळ त्या एका शब्दापुरते नसते. इस्राएलचे डेव्हिड शेअर यांनी १९९५ मध्ये मांडलेली कल्पना येथे उपयोगी आहे. अनोळखी शब्दाची अक्षरे लावून मूल जेव्हा उच्चारापर्यंत पोहोचते, तेव्हा त्या शब्दाचे लिखित रूप आणि उच्चार यांची गाठ त्याच्या स्मरणात बसते. १९९९ मधील त्यांच्या प्रयोगात दुसरीच्या हिब्रू मुलांनी गोष्टीतला एक बनावट शब्द चार ते सहा वेळा वाचला, तेवढ्यावर तीन दिवसांनीही ती त्याचे नेमके रूप ओळखत होती. म्हणजे प्रत्येक उकललेला शब्द पुढच्या वेळी फुकट मिळतो. मूल स्वतःचे शिक्षक होते. चित्रावरून 'पक्षी' म्हणणाऱ्या मुलाच्या हाती यातले काहीच लागत नाही. त्याने 'पाखरू' ही अक्षरे पाहिलीच नाहीत; उद्या तोच शब्द भेटला की तो पुन्हा परकाच. चूक मानू नये असे ज्या चुकीबद्दल सांगितले गेले, तिच्यात शिकण्याची एक संधी वाया गेलेली असते.

आता आपल्या देशाकडे येऊ. गुडमन आणि त्यांच्या मताचे लोक यांचा प्रभाव आपल्याकडे १९८०च्या दशकापासून दिसतो, आणि तो प्रामुख्याने हिंदीतून आला. राष्ट्रीय शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेने २००८ मध्ये 'बरखा' ही चाळीस छोट्या पुस्तिकांची हिंदी वाचनमाला काढली. घरगुती प्रसंग, मुलांना ओळखीची पात्रे, चित्रे, पुन्हा पुन्हा येणारे शब्द. पुस्तिका म्हणून त्या छान आहेत. वाचायला शिकणाऱ्या मुलासाठी पाठ्यपुस्तकापलीकडे काही हवे, हे शासकीय पातळीवर मान्य होणे ही मोठीच गोष्ट होती. त्या पुस्तिकांनी मुलाला गोष्टीची चटक लावली तर उत्तम. पण त्यांनीच मूल वाचायला शिकेल, हा त्याच्या पुढचा दावा आहे आणि तो वेगळा सिद्ध करावा लागेल.

शिवाय आपली लिपी इंग्रजीसारखी नाही. हा मुद्दा प्रशिक्षणात फार घाईने उरकला जातो, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

इंग्रजीत अक्षराचे नाव एक आणि उच्चार दुसरा. 'सी-ए-टी' कितीही वेगाने म्हटले तरी 'कॅट' होत नाही. उच्चारही जागा बघून बदलतात. अशा लिपीत मुलाला आणि शिक्षकालाही अंदाजाचा मोह होणे समजू शकते. मराठीत 'का', 'ग', 'द' ही अक्षरे ओळीने म्हटली की 'कागद' जवळजवळ तयारच होतो. अक्षराचे नाव हाच त्याचा उच्चार. ही एवढी मोठी सोय हातात असताना चित्राकडे बोट दाखवणे म्हणजे दारात विहीर असून टँकरची वाट पाहण्यासारखे आहे.

मराठीत अडचण असते ती वेगळी. चौतीस व्यंजने आणि बाराखडीचे बारा स्तंभ यांचा गुणाकार केला तर चारशेच्या वर अक्षररूपे होतात, जोडाक्षरे निराळीच. सोनाली नाग यांनी कन्नड शाळांतील मुलांचा अभ्यास करून २००७ मध्ये दाखवले की ही अक्षरे पक्की होण्याला तिसरी-चौथीपर्यंतचा काळ लागतो. इंग्रजीची सव्वीस अक्षरे त्या मानाने लवकर आटोपतात. कन्नड लिपीची घडण देवनागरीसारखीच असल्याने आपल्याला हे लागू पडावे. 'कि' मधली वेलांटी आधी लिहितात आणि उच्चार नंतर होतो. 'सूर्य', 'चक्र', 'राष्ट्र' आणि 'दऱ्या' या चार शब्दांत 'र' चार वेषांत भेटतो. 'घर' लिहितो, पण शेवटचा 'अ' बोलत नाही. 'चार' आंबे आणि गाईचा 'चारा' यांतला 'च' एकाच चिन्हाने लिहितो, पण जीभ वेगळ्या जागी लागते. हे सगळे मुलाला कोणीतरी दाखवावे लागते, आणि पहिलीच्या तीन महिन्यांत ते उरकत नाही.

यात संदर्भाचे काम कोठे येते तेही पाहा. मुलाने 'चारा' हा शब्द 'चार'मधला 'च' घेऊन वाचला. वाक्य गाईचे आहे. मुलाला काहीतरी चुकल्यासारखे वाटले आणि त्याने उच्चार दुरुस्त केला. हा संदर्भाचा खरा उपयोग. अक्षरे आधी लावायची, अर्थाने पडताळा नंतर घ्यायचा. गुडमन यांनी हा क्रम उलटा केला.

मराठीची आणखी एक खोड आहे. आपल्या शब्दाचा अर्थ शेपटाकडे साठतो. 'घर', 'घरात', 'घराला', 'घरापासून', 'घराशेजारच्या'. 'मुलगा', 'मुलगी', 'मुलगे'. पहिले अक्षर आणि चित्र पाहून अंदाज करणारे मूल शब्दाचे डोके पकडते आणि शेपूट सोडते. चित्रात घर आहे, मुलाने 'घर' म्हटले. पण वाक्यात कुत्रा घरात आहे की घराबाहेर, हे शेपटात होते. इंग्रजीत ही माहिती सुट्या लहान शब्दांत असते. मराठीत एकाच शब्दाची चार-पाच अक्षरे शेवटपर्यंत पाहिल्याखेरीज वाक्याचा अर्थच लागत नाही. म्हणजे अर्थासाठी म्हणून जी पद्धत सुचवली जाते, ती मराठीत आधी अर्थालाच मुकते.

एवढे लिहिल्यावर मला दुसऱ्या बाजूचीही तक्रार केली पाहिजे. कारण आपल्या बहुतेक वर्गांत मुले अंदाजाने वाचत नाहीत. ती वाचतच नाहीत. कर्नाटकातील यादगीर आणि महाराष्ट्रातील वाडा तालुका येथे २०११ ते २०१६ या काळात शैलजा मेनन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी कन्नड व मराठी शाळांतील मुलांचा पहिलीपासून तिसरीपर्यंत पाठपुरावा केला. वर्गांत प्रामुख्याने दिसले ते फळ्यावरून उतरवून घेणे आणि एका सुरात म्हणणे. गोष्ट ऐकणे, तिच्याबद्दल बोलणे, स्वतःचे काही लिहिणे यांना जवळजवळ जागा नव्हती. आणि एवढा वेळ अक्षरांना देऊनही पुष्कळ मुलांना तिसरीअखेर साधा मजकूर वाचता येत नव्हता. देशपातळीवरचे चित्र यापेक्षा फार निराळे नाही. ग्रामीण भारतात दुसरीच्या पातळीचा मजकूर वाचू शकणारी तिसरीतली मुले 'असर' पाहणीनुसार २०१८ मध्ये २७.३ टक्के, २०२२ मध्ये २०.५ टक्के आणि २०२४ मध्ये २७.१ टक्के होती. चारांतले एक मूल.

तेव्हा अमेरिकेत तीस-चाळीस वर्षे चाललेले 'वाचनयुद्ध' जसेच्या तसे इकडे आणण्यात अर्थ नाही. तेथे अक्षरे न शिकवण्याचा अतिरेक झाला. आपल्याकडे अक्षरे शिकवण्याचे नाटक होते. 'ग म भ न' हा आपला लाडका क्रम घ्या. तो हाताच्या वळणासाठी सोयीचा आहे, कारण या अक्षरांचे आकार एकातून एक निघतात. पण या चार अक्षरांतून शब्द कोणते होतात? 'मन', 'नभ', 'गमन', 'नमन'. पहिलीच्या मुलाच्या बोलण्यात यांतला कोणता शब्द येतो? यांनाच 'र' आणि काना जोडा : 'राग', 'गार', 'मार', 'नाग', 'गारा'. लगेच मुलाच्या जगातले शब्द आले. काना बाराखडीच्या पाठापर्यंत राखून ठेवायचा, हे बंधन लिपीचे नाही, आपल्या सवयीचे आहे. वर्णमालेचा क-ख-ग हा क्रम तर मुखातल्या उच्चारस्थानांप्रमाणे लावलेला एक अतिशय सुंदर तक्ता आहे, आवर्त सारणीसारखा. पण आवर्त सारणी पहिल्या धड्यात पाठ करून रसायनशास्त्र येत नाही. 'ङ' आणि 'ञ' यांना 'ट'च्या आधी भेटण्याची मुलाला काय निकड आहे?

याच कारणाने, आता अमेरिकेतून उलट दिशेने येऊ लागलेल्या उच्चारपद्धतीच्या तयार संचांबद्दलही मी सावध आहे. तेथील राष्ट्रीय वाचन समितीने २००० साली पद्धतशीर उच्चारशिक्षणाचा फायदा होतो असा निष्कर्ष काढला. तो फायदा मध्यम प्रतीचा होता, चमत्कार नव्हता. जेफ्री बॉवर्स यांच्यासारख्या संशोधकांनी २०२० मध्ये त्या पुराव्याच्या ताकदीबद्दलही शंका घेतल्या आहेत. इंग्रजी लिपीच्या दुखण्यावरचे औषध मराठीला त्याच मात्रेत देता येणार नाही. बाहेरून घ्यायचे ते वाचन कसे घडते याचे ज्ञान. काय शिकवायचे, कोणत्या क्रमाने, हे मराठीतच शोधावे लागेल.

त्या ज्ञानाचे एक लहानसे सूत्र गफ आणि टनमर यांनी १९८६ मध्ये मांडले. वाचून समजणे म्हणजे अक्षरांची उकल गुणिले भाषेची समज. बेरीज नव्हे, गुणाकार. दोहोंपैकी एक शून्य असेल, तर दुसरे कितीही असले तरी उत्तर शून्य. वाड्याच्या शाळेत वारली किंवा कातकरी घरातून आलेल्या मुलाचा या सूत्रात विचार करा. पुस्तकातली मराठी त्याच्या घरची नाही. त्याला अक्षरे आली तरी दुसरा अवयव लहान आहे. त्याच्याशी त्याच्या भाषेत बोलणे, गोष्टी सांगणे, पुस्तकातले शब्द ओळखीचे करून देणे हे काम अक्षरांइतकेच महत्त्वाचे आहे. आणि अंदाजाची पद्धत त्याला कशी वागवते पाहा. पुढचा शब्द ओळखायचा तर वाक्य आधीच कानात असावे लागते. ते ज्याच्या घरी बोलले जाते त्याचा अंदाज बरोबर येतो. वारली मुलाचा येत नाही. त्याला अक्षरांचा आधार हा एकच आधार सर्वांइतका मिळू शकतो, आणि तोच आपण 'सहज येईल' म्हणून सोडून देतो. उदार हेतूने सुचवलेली पद्धत सर्वांत गरजू मुलाविरुद्ध अशी काम करते.

यावर विश्वास ठेवण्याआधी आपल्या वर्गात पडताळा घ्या. निकोल्सन यांचा प्रयोग करायला कागद आणि पेन्सिल पुरते. मुलांनी न पाहिलेला, चित्र नसलेला साठ-सत्तर शब्दांचा उतारा निवडा. त्यातले वीस शब्द उचलून त्यांची उलटसुलट यादी करा. दुसरी-तिसरीच्या निम्म्या मुलांना आधी यादी द्या आणि मग उतारा. उरलेल्या निम्म्यांना आधी उतारा आणि मग यादी. कोणत्या मुलाने कोणत्या गटात जायचे हे चिठ्ठ्या टाकून ठरवा; हुशार मुले एका बाजूला जायला नकोत. मुलाला एकेकटे बसवून ऐका, नाहीतर पुढचे मूल मागच्याचे ऐकून वाचते. प्रत्येक शब्दापुढे दोन खुणा करा : यादीत बरोबर की चूक, उताऱ्यात बरोबर की चूक. यादीत चूक–उताऱ्यात बरोबर आणि यादीत बरोबर–उताऱ्यात चूक, या दोन्ही संख्या वेगवेगळ्या मोजा. शेवटी 'टमोळा', 'भिरगू', 'गेबरा', 'नुलती', 'कोनापी' असे पाच अर्थहीन शब्द वाचायला द्या. यांचा अंदाज कोणालाच करता येत नाही. जी मुले गोष्ट सुरेख वाचतात आणि येथे गप्प होतात, त्यांची नावे वेगळी लिहून ठेवा. त्यांच्याबरोबर अक्षरांपासून पुन्हा बसावे लागेल, आणि तिसरीत ते अजून शक्य असते.